कॅमेऱ्यापुढचा माणूस आणि मागचा

सातपुरावरून जाणाऱ्या त्र्यंबक रस्त्याचा चित्रपटाच्या इतिहासात मोठा मान आहे. रस्त्याच्या शेवटी, त्र्यंबकेश्वरी, ३० एप्रिल १८७० रोजी दादासाहेब फाळके जन्मले. १९१३ साली 'राजा हरिश्चंद्र' मुंबईत दाखवून झाल्यावर त्यांनी आपले काम नाशकास आणले. हे श्रोत्यांना ठाऊकच आहे. पण याच वाटेने पुढे हरसूल-पेठेकडे गेले की महादेव कोळी, कोकणा, वारली यांचे पाडे लागतात. अशा पाड्यांतील माणूस पडद्यावर आला तो कोणाच्या नजरेतून, हे आम्हांस पाहावयाचे आहे.

परदेशातला एक दाखला आधी घेऊ. १९२२ साली रॉबर्ट फ्लॅहर्टी याने कॅनडाच्या उत्तरेकडील इन्युइट लोकांवर 'नानूक ऑफ द नॉर्थ' काढला. नायकाचे खरे नाव अल्लाकारिअल्लाक; 'नानूक' हे पडद्यापुरते. त्या काळी बंदुका वापरणाऱ्या या लोकांना चित्रपटात भाल्याने शिकार करावयास लावले. छायाचित्रणाच्या कामातही त्यांचा हात होता, परंतु श्रेय फ्लॅहर्टीचे झाले. पुढे ७९ वर्षांनी, २००१ साली, झकारियास कुनुक या इन्युइट दिग्दर्शकाचा 'अतानार्जुआत' त्यांच्याच भाषेत निघाला आणि कान येथे गौरविला गेला.

आता घरचे. १९७७ चा 'जैत रे जैत' गो. नी. दांडेकरांच्या कादंबरीवरचा, जब्बार पटेलांचा. ठाकरांचा डोंगर, राणी माशीशी वैर धरणारा नाग्या, महानोरांची गाणी: चित्र सुंदर आहे, आणि त्यात ठाकरांना दयेचा विषय केलेले नाही, ही मोठी गोष्ट. तथापि नाग्या झाले मोहन आगाशे व चिंधी झाल्या स्मिता पाटील. लेखक, कवी, दिग्दर्शक सारे पाड्याबाहेरचे. १९८० च्या 'आक्रोश'मध्ये (पटकथा तेंडुलकरांची, दिग्दर्शन निहलानींचे) आदिवासी लहान्या भिकू खुनाच्या आरोपाखाली उभा असून जवळजवळ सबंध चित्रपटभर बोलतच नाही. बोलतो तो त्याचा वकील, भास्कर कुलकर्णी. मौनाचा परिणाम जबर आहे, हे आम्ही नाकारीत नाही. पण एका समाजाच्या वाट्याला पडद्यावर मौनच यावे, हे मनाला लागते.

गेल्या काही वर्षांत वारे थोडे फिरले. २०१३ साली वडार समाजातील नागराज मंजुळे यांनी 'फँड्री' केला. ते कैकाडी कुटुंबाचे चित्र आहे, आदिवासींचे नव्हे. परंतु शीर्षकच कैकाडी बोलीतले, 'डुक्कर' या अर्थाचे. ज्या शब्दाने पोराला हिणवावे तोच चित्रपटाच्या कपाळी लावला. अखेरीस जब्या दगड भिरकावतो तो थेट प्रेक्षकांच्या दिशेने! हे धारिष्ट बाहेरच्याला साधले असते, असे आम्हांस वाटत नाही.

झारखंडात उरांव समाजातील बीजू टोप्पो यांनी कॅमेराच हाती घेतला. मेघनाथ यांच्यासह त्यांनी २०१० च्या सुमारास स्पंज लोखंडाच्या कारखान्यांचा धूर ज्या गावांवर पडतो, त्यांच्यावर माहितीपट केला. सातपूरकरांनी तो अवश्य पाहावा. धूर ओळखीचा वाटेल.