सात वर्षांचीं मुलें

१९६४ सालच्या मे महिन्यांत इंग्लंडमधील ग्रॅनाडा दूरचित्रवाणीनें सात वर्षांचीं कांहीं मुलें प्रेक्षकांसमोर आणून उभीं केलीं. कोणी श्रीमंती थाटाच्या शाळेंत शिकणारें, कोणी लंडनच्या पूर्वभागांतील कामकरी वस्तींत वाढणारें, तर कोणी बालकाश्रमांत राहणारें. त्यांनीं खेळावें, भांडावें, मोठेपणीं काय होणार तें सांगावें आणि कॅमेऱ्यानें तें टिपून घ्यावें, एवढाच 'सेव्हन अप' या माहितीपटाचा व्याप. सात वर्षांच्या मुलांत पुढचा माणूस दिसतो, या जेझुइटांच्या नांवें चालत आलेल्या वचनाचा त्याला आधार होता; जन्मानें मिळालेला वर्गच भवितव्य ठरवितो, हें दाखवावें असा हेतु होता.

दिग्दर्शक पॉल आल्मंड. मुलें निवडण्यांत हात होता तो मायकेल ॲप्टेड या तरुण संशोधकांचा. १९७० पासून दर सात वर्षांनीं ॲप्टेड त्याच मुलांकडे पुनः पुनः जात राहिले. शाळा सुटल्या, लग्नें झालीं, कांहींचीं मोडलीं, आईबाप गेले. वृत्तपत्रांत ज्याला दोन ओळींची जागा मिळूं नये, असें हें सामान्यांचें जिणें केवळ त्या अंतरामुळें इतिहास होऊन बसलें.

पण पाहणाराचा डोळा निर्दोष होता काय? १४ मुलांत मुली अवघ्या ४. इंग्लंडच्या भावी धुरीणांत स्त्रियाहि असतील, हा विचार निवडणारांना शिवलाच नव्हता. ॲप्टेड यांनीं पुढें त्याबद्दल खेद व्यक्त केला. पूर्व लंडनचा एक मुलगा २१ वर्षांचा झाला तेव्हां, हा गुन्हेगारीकडे वळणार अशी खूणगांठ बांधून, त्यांनीं त्याला बदनाम ठिकाणांतून हिंडविलें आणि तें चित्रण करून ठेवलें. पुढच्या भागास उपयोगीं पडेल म्हणून! तो मुलगा टॅक्सी चालवूं लागला, संसारांत रमला. ही चूकहि ॲप्टेड यांनीं कबूल केली.

पाहिलीं जाणारीं माणसेंहि मूक राहिलीं नाहींत. एकजण २१ व्या वर्षानंतर परत आलाच नाहीं. तो स्वतः माहितीपटांच्याच धंद्यांत शिरला, ही त्यांतली गंमत. २०१९ च्या '६३ अप' मध्यें एका बाईंनीं ॲप्टेड यांना तोंडावर ऐकविलें कीं, स्त्रियांचें जग बदलत असतां त्यांनीं मुलींना लग्न आणि मुलें यांपलीकडचें फारसें कधीं विचारलेंच नाहीं. ती तक्रार त्यांनीं कापली नाहीं. २०२१ च्या जानेवारींत ते वारले. '६३ अप' हाच त्यांच्या हातचा अखेरचा भाग.