गुणायचं की भागायचं? शाब्दिक उदाहरणांचा थोडा इतिहास

इतिहासाचं साधन म्हटलं की डोळ्यांसमोर ताम्रपट, बखरी येतात. पण प्राथमिक शाळेचं अंकगणिताचं पुस्तक हेसुद्धा साधनच आहे. त्यातलं गुणाकाराचं शाब्दिक उदाहरण कसं वाचायचं, ते आज पाहू.

सोलापुरात कापडाशिवाय गोष्ट पुढे जात नाही, म्हणून मीच एक उदाहरण तयार करतो: कापड वाराला अडीच आणे, तर 7 वारांचे किती? 1957 पूर्वीच्या मुलाला इथं गुणाकार आहे हे कळलं, तरी काम संपत नसे. अडीचकी पाठ असेल तर साडेसतरा आणे लगेच आले. पण रुपयाचे आणे 16, म्हणून उत्तर 1 रुपया दीड आणा. पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, अडीचकी ही नुसती घोकंपट्टी नव्हती. बाजारातल्या हिशोबांची ती आधीच काढून ठेवलेली उत्तरं होती.

1 एप्रिल 1957 ला रुपयाचे 100 नवे पैसे झाले. पुढच्या काही वर्षांत शेर-मण जाऊन किलो आला. आता वाराला 16 नवे पैसे धरा: 7 × 16 = 112, म्हणजे 1 रुपया 12 नवे पैसे. रूपांतराचं ओझं हलकं झालं. खरी अडचण मात्र तिथंच राहिली: "सर, गुणायचं की भागायचं?"

हा प्रश्न जुना आहे. भास्कराचार्यांच्या 'लीलावती'त (इ.स. 1150) सुरुवातीलाच नाण्यांची आणि मापांची कोष्टकं येतात, आणि पुढे त्रैराशिक. आपल्या उदाहरणात प्रमाण 1 वार, फल अडीच आणे, इच्छा 7 वार. फल गुणिले इच्छा, भागिले प्रमाण. प्रमाण 1 असलं की भागाकार दिसत नाही, नुसता गुणाकार उरतो. म्हणजे क्रिया ठरते ती राशींच्या नात्यावरून, एखाद्या शब्दावरून नाही. "प्रत्येक" दिसलं की गुणा, असं शिकलेलं मूल इथं फसतं: 7 वारांचे 112 पैसे, तर प्रत्येक वाराचे किती?

जुनं पुस्तक हाती आलं, तर त्यातल्या भावांवर लगेच विश्वास ठेवू नका. उत्तर सुटसुटीत यावं म्हणूनही लेखक भाव ठरवतो. एककं बघा. मुलाला ठाऊकच असणार म्हणून लेखकानं काय समजावलेलं नाही, तेही बघा. आणि पुस्तक 1957 च्या आधीचं की नंतरचं, ही नोंद सगळ्यात आधी करा.