मॅकवरचा विंडोज गेम आणि मधला दुभाषी

मे महिन्याच्या सुट्टीत माझा भाचा पुण्याहून नगरला आला, तेव्हा त्याच्याकडे वडिलांचा जुना मॅकबुक होता. शाळेतले मित्र खेळतात तो गाड्यांच्या शर्यतीचा गेम त्याने मोठ्या हौसेने उतरवून घेतला. फाइलवर दोनदा क्लिक केलं, चारदा केलं, पण काही उघडेना. शेवटी रडकुंडीला येऊन मला म्हणाला, "खाला, इतना महंगा कंप्युटर है, फिर गेम कायकू नै चलता?"

मी उर्दू आणि मराठी शिकवते. कंप्युटर माझा विषय नाही. पण त्याच्यासाठी दोन दिवस वाचत बसले आणि लक्षात आलं की हा प्रश्न माझ्याच वर्गातला आहे. गेम विंडोजच्या भाषेत लिहिलेला होता आणि मॅकला ती भाषा येत नव्हती. या दोघांमध्ये दुभाष्याचं काम कोणी आणि कसं केलं, याला तीस वर्षांहून जास्त इतिहास आहे. तोच इथे सांगते.

सुरुवात आपल्या ओळखीच्या जागेपासून करू. साधारण २००१-०२ मध्ये नगरच्या एका कंप्युटर क्लासमध्ये मी जात असे. सर बाहेर गेले की मुलं दोनच गेम लावायची, 'डेव्ह' आणि 'प्रिन्स ऑफ पर्शिया'. वजीर जाफरच्या कैदेतून शहजादीला साठ मिनिटांत सोडवायचं, हे माझ्या वयाच्या कितीतरी वाचकांना आठवत असेल. आम्हाला वाटायचं, हे गेम म्हणजे पीसीचाच माल. खरी गोष्ट उलटी आहे. जॉर्डन मेकनर यांनी 'प्रिन्स ऑफ पर्शिया' लिहिला तो अ‍ॅपल कंपनीच्या 'अ‍ॅपल टू' या यंत्रासाठी. तो १९८९ मध्ये आला, डॉसवर १९९० मध्ये उतरला आणि मॅकवर १९९२ मध्ये. जॉन रोमेरो यांचा 'डेंजरस डेव्ह'सुद्धा मुळात 'अ‍ॅपल टू'चाच. म्हणजे ज्या घराबद्दल आज "तिथे गेम चालत नाहीत" असं म्हणतात, आपले बालपणीचे गेम त्याच घरातून आले होते.

मग वारं कधी फिरलं? १९९५ मध्ये विंडोज ९५ आलं आणि त्याच वर्षी मायक्रोसॉफ्टने डायरेक्टएक्स आणलं. गेम लिहिणाऱ्याने चित्र, आवाज, की-बोर्ड यांच्याशी कसं बोलायचं, त्याची ही ठरलेली शब्दसंपत्ती. सोय चांगली होती, ग्राहक तिकडे जास्त होते, म्हणून गेम लिहिणारे ती भाषा शिकले. एकदा सगळा बाजार एका भाषेत बोलू लागला की दुसऱ्या भाषेच्या दुकानात कोण जातं? 'हेलो' नावाच्या गेमचं उदाहरण पाहा. जुलै १९९९ मध्ये स्टीव्ह जॉब्स यांनी तो मॅकच्या मेळाव्यात स्वतः जाहीर केला. जून २००० मध्ये तो बनवणारी बंजी ही कंपनीच मायक्रोसॉफ्टने विकत घेतल्याची घोषणा झाली. २००१ मध्ये गेम एक्सबॉक्सवर आला. मॅकवाल्यांना तो मिळाला डिसेंबर २००३ मध्ये, जाहीर झाल्यावर चार वर्षांनी.

ज्यांच्याकडे मॅक होता आणि गेम विंडोजचे, त्यांनी काय करायचं? वेगवेगळ्या काळात तीन वाटा निघाल्या.

पहिली वाट हुबेहूब नकलेची, म्हणजे एम्युलेटरची. १९९७ मध्ये कनेक्टिक्स कंपनीने 'व्हर्च्युअल पीसी' आणलं. मॅकच्या आत एका संपूर्ण पीसीचं सोंग वठवायचं, अगदी इंटेलच्या चिपसकट. हिशोबाची कामं निघायची, पण शर्यतीचा गेम लावला तर तो बैलगाडीच्या चालीने चाले.

दुसरी वाट घरच बदलण्याची. २००६ च्या जानेवारीत अ‍ॅपलने इंटेलची चिप घेतलेले मॅक आणले आणि एप्रिलमध्ये 'बूट कॅम्प' दिलं. एकाच यंत्रात दोन घरं. गेम खेळायचा असला की मॅक बंद करायचा आणि पुन्हा सुरू करताना विंडोजमध्ये शिरायचं. गेम उत्तम चालत, पण त्या वेळापुरता तुमचा मॅक मॅक राहत नसे.

तिसरी वाट दुभाष्याची. तिचं नाव 'वाइन'. घरात मी हे नाव मोठ्याने घेतलं तेव्हा अम्मींनी तसबीह थांबवून माझ्याकडे पाहिलं होतं. नावावर जाऊ नका. 'वाइन इज नॉट अ‍ॅन एम्युलेटर' या वाक्यातल्या इंग्रजी आद्याक्षरांचा तो खेळ आहे. "वाइन म्हणजे नक्कल करणारा नव्हे," असा त्याचा अर्थ.

१९९३ मध्ये लिनक्स वापरणाऱ्या काही हौशी प्रोग्रामरांनी हे काम सुरू केलं. १९९४ पासून अलेक्झांडर ज्युलियार त्याचं नेतृत्व करत आले आहेत. काम काय, तर असं समजा: गेम सतत विंडोजला विनंत्या करत असतो. "एक खिडकी उघड." "ही फाइल वाच." "इथे लाल त्रिकोण काढ." वाइन या प्रत्येक विनंतीचा अर्थ समजून घेतं आणि जागच्या यंत्राला त्याच्याच भाषेत तीच गोष्ट सांगतं. गेमला उत्तर मिळतं आणि त्याचं काम होतं. मध्ये विंडोज नसतंच.

यातली मेहनत लक्षात घ्या. अशा विनंत्या हजारो आहेत. त्यातली प्रत्येक विंडोज नेमकी कशी पुरी करतं, हे बाहेरून पारखून आपली आपण लिहायची. मायक्रोसॉफ्टचा मूळ कोड ज्याने पाहिला आहे, त्याला वाइनचे लोक हातभारच लावू देत नाहीत. उद्या कोणी चोरीचा आळ घेऊ नये म्हणून. या इमानदारीने काम करत १९९३ ला सुरू झालेल्या वाइनची १.० ही आवृत्ती निघाली जून २००८ मध्ये. पंधरा वर्षांनी!

अमेरिकेतल्या मिनेसोटा राज्यातली कोडवीव्हर्स नावाची छोटी कंपनी या कामाला पैसा आणि माणसं पुरवत आली आहे. तिने जानेवारी २००७ मध्ये वाइनवरच उभारलेलं 'क्रॉसओव्हर' मॅकसाठी आणलं. त्याच सुमारास ट्रान्सगेमिंगच्या 'सायडर' या तशाच मधल्या थरावर बसवून ईएसारख्या बड्या कंपनीनेही आपले गेम मॅकवर विकले.

इथे मला आमच्या नगरचा इतिहास आठवतो. मलिक अहमद निजामशहाने हे शहर पंधराव्या शतकाच्या अखेरीस वसवलं. दरबाराची भाषा फारसी, पण गावाचा वसूल, वतनं, तंटे हे सगळं मराठीत. दख्खनच्या सुलतानशाह्यांचे असे कित्येक कागद आहेत ज्यांवर वर फारसी मजकूर आणि खाली तोच मोडीत लिहिलेल्या मराठीत. त्या दोन मजकुरांच्या मध्ये एक माणूस बसलेला असे. पुढे मराठ्यांच्या दफ्तरात फारसी पत्रव्यवहार पाहणाऱ्याला पारसनीस म्हणत, म्हणजे फारसी-नवीस. आज ते आडनाव झालं आहे. शेतकऱ्याला फारसी यायची गरज नव्हती आणि सुलतानाला मोडी. पारसनिसाला मात्र दोन्ही पक्क्या याव्या लागत, आणि एका शब्दाची चूक झाली तर कोणाची तरी जमीन जाई.

छत्रपती शिवाजी महाराजांच्या काळात 'राज्यव्यवहारकोश' तयार झाला. सुमारे १४०० फारसी-अरबी राज्यकारभारी शब्दांना त्यात संस्कृत पर्याय दिले गेले. हे म्हणजे गेम मुळापासून नव्या यंत्रासाठी पुन्हा लिहून काढणं. त्याला 'पोर्ट' म्हणतात. त्याचंही मोल आहे. पण अर्ज, दाखला, फिर्याद, वकील, जमीन हे शब्द तहसील कचेरीत आजही ठाण मांडून आहेत. सगळंच पुन्हा लिहून होत नाही. उरलेलं दुभाषी चालवतो.

आता पुन्हा मॅककडे. दुभाष्याची खरी अडचण ही की घराचे मालक दरवाजे हलवतात. अ‍ॅपलने २०१८ मध्ये ओपनजीएल ही चित्र काढण्याची जुनी, सर्वांना ठाऊक असलेली भाषा मोडीत काढत असल्याचं जाहीर केलं. तिची जागा घेणार होती अ‍ॅपलची स्वतःची 'मेटल'. ऑक्टोबर २०१९ मध्ये मॅकओएस कॅटालिना आलं आणि ३२-बिटचे सगळे प्रोग्राम एका अपडेटसरशी बंद पडले. लोकांनी पैसे देऊन घेतलेले मॅकचे अस्सल गेमही त्यात गेले. गंमत अशी की कोडवीव्हर्सने मोठ्या खटपटीने ३२-बिटचे विंडोज प्रोग्राम कॅटालिनावर चालवून दाखवले. म्हणजे मालकाच्या घरात मालकाचे जुने गेम बंद, पण दुभाष्याचे पाहुणे आत!

नोव्हेंबर २०२० मध्ये अ‍ॅपलने इंटेल सोडून स्वतःची एम१ चिप आणली आणि नव्या यंत्रांतून बूट कॅम्प गेलं. घर बदलण्याची वाट बंद झाली. आता एकाला दोन दुभाषी लागू लागले. विंडोजच्या विनंत्या समजून घेणारं वाइन एक, आणि इंटेलच्या चिपसाठी लिहिलेल्या आज्ञा नव्या चिपच्या भाषेत उतरवणारं अ‍ॅपलचं 'रोझेटा २' दुसरं. हे नाव इजिप्तमधल्या रशीद या गावाचं. युरोपीय लोक त्याला रोझेटा म्हणतात. १७९९ मध्ये तिथे सापडलेल्या शिळेवर एकच फर्मान तीन लिप्यांत कोरलं होतं आणि त्यावरूनच १८२२ मध्ये शांपोल्यों यांनी प्राचीन इजिप्तची चित्रलिपी उलगडली. वर एक लिपी, खाली दुसरी. आमच्या दख्खनी कागदांसारखंच.

दरम्यान लिनक्सवर मोठी घडामोड झाली होती. स्टीम चालवणाऱ्या व्हॉल्व्ह कंपनीने ऑगस्ट २०१८ मध्ये वाइनवर आधारलेलं 'प्रोटॉन' आणलं आणि २०२२ मध्ये त्याच्या जोरावर स्टीम डेक हे हातात धरायचं यंत्र विकायला काढलं. मग जून २०२३ मध्ये अ‍ॅपलनेही 'गेम पोर्टिंग टूलकिट' जाहीर केलं. त्याचा पाया कोणता? तेच वाइन, तेच क्रॉसओव्हरचं खुलं काम. अ‍ॅपलने त्यात डायरेक्टएक्सच्या विनंत्या मेटलमध्ये उतरवणारा स्वतःचा भाग जोडला. तीस वर्षांपूर्वी हौशी पोरांनी सुरू केलेला उद्योग जगातल्या सर्वांत श्रीमंत कंपन्यांपैकी एकीला कामी आला.

यातली एक गोष्ट मला विशेष भावली. एका विद्यार्थ्याने हे सगळं वापरायला सोपं करणारं 'व्हिस्की' नावाचं मोफत अ‍ॅप बनवलं (पुन्हा नावावर जाऊ नका). ते फार लोकप्रिय झालं. २०२५ मध्ये त्याने ते काम थांबवलं आणि लोकांना क्रॉसओव्हरकडे जायला सांगितलं. त्याचं म्हणणं असं की मूळ मेहनत तिथे होते. सगळेच फुकटाकडे वळले तर ती मेहनत करणारेच उरणार नाहीत. दुभाष्याची कदर दुसऱ्या दुभाष्याला कळली.

भाच्याचा गेम दुसऱ्या दिवशी संध्याकाळी चालला. क्रॉसओव्हरची थोड्या दिवसांची मोफत मुदत घेतली, त्यात स्टीम बसवलं, त्यातून गेम. पहिल्या शर्यतीत चित्र अडखळलं, नंतर सुरळीत झालं. त्याचा दुसरा गेम मात्र उघडलाच नाही. ऑनलाइन फसवणूक रोखणारे काही पहारेकरी विंडोजच्या अगदी गाभ्यात जाऊन बसतात. वाइनमध्ये तो गाभाच नसतो, म्हणून ते दारातूनच परत पाठवतात. पुढची काळजीही आहे. अ‍ॅपलने जून २०२५ मध्ये सांगितलं की मॅकओएस २७ नंतर रोझेटा आटोपतं घेतलं जाईल, आणि जुन्या गेमांसाठी त्याचा काही भाग तेवढा ठेवला जाईल. दरवाजा पुन्हा हलणार आहे.

काही वर्षांपूर्वी एका प्रशिक्षणात मी मराठी कवितेवर बोलले. चहाच्या वेळी एक गुरुजी कौतुकाने म्हणाले, "मॅडम, तुम्ही अगदी आमच्यासारखं मराठी बोलता हो!" त्यांचा हेतू चांगला होता. मी हसले. पण 'आमच्यासारखं' हा शब्द कितीतरी दिवस सलत राहिला. आमच्याच जिल्ह्यातल्या श्रीगोंद्याच्या शेख महंमदांनी १६४५ मध्ये 'योगसंग्राम' मराठीत लिहिला, तो कोणासारखं लिहायचं म्हणून लिहिला नव्हता. ती त्यांचीच भाषा होती. आमच्या घरात अम्मीशी दख्खनी, भाजीवालीशी मराठी, नमाजेत अरबी, आणि वर्गात तास बदलला की उर्दू. कोणीही कोणाचं सोंग घेत नाही. त्या दिवशी गुरुजींना काय उत्तर द्यावं ते सुचलं नव्हतं. वाइनचं ते लांबलचक नाव वाचलं तेव्हा सुचलं: मी नक्कल करणारी नव्हे.

भाचा पुण्याला परतताना म्हणाला, "खाला, मैं बडा होके वाइन में काम करूंगा." अम्मींनी पुन्हा तसबीह थांबवली. या वेळी त्यांना समजावून सांगायचं काम मी त्याच्यावरच सोपवलं.