कुन्हा या नांवाची कुळकथा

आपल्या धर्मग्रामाच्या मंगल महोत्सवानिमित्त निघणाऱ्या या स्मरणिकेसाठीं कांहीं ऐतिहासिक मजकूर द्यावा, अशी संपादक मंडळाची आज्ञा झाली. देवळाच्या वास्तूचा इतिहास इतर लेखकांनीं लिहिला आहेच. तेव्हां देवळाच्या भिंतींऐवजीं देवळांत येणाऱ्या माणसांच्या नांवांकडे वाचकांचें लक्ष वेधावें, असें मनांत आलें. बाप्तिस्म्याची नोंदवही उघडली म्हणजे डिसोझा, परेरा, रॉड्रिग्ज, आल्मेडा, डिमेलो, डिकुन्हा हीं आडनांवें पानोपानीं भेटतात. त्यांविषयीं दोन प्रश्न नेहमीं विचारले जातात. बाहेरचे लोक विचारतात, "तुम्ही मूळचे पोर्तुगीज काय?" आणि आपलेच तरुण विचारतात, "ज्यांनीं आमचा मुलूख जिंकला त्यांचीं नांवें आम्हीं कां मिरवावीं?" प्रश्न दोन्ही रास्त आहेत. सर्व आडनांवांविषयीं एकदम उत्तर देण्यापेक्षां एकाच नांवाचा माग काढीत गेल्यास तें अधिक स्पष्ट होईल, म्हणून येथें 'कुन्हा' हें एकच नांव घेतलें आहे. या नांवाचा एक दर्यावर्दी झाला, एक वसई घेणारा झाला, एक इतिहासकार झाला आणि एक स्वातंत्र्यवीर झाला. या नांवाचें बेट आहे, या नांवाचे गांव आहेत, आणि या नांवाचीं घरें वसईपासून गोव्यापर्यंत व पुढें मंगळूरपर्यंत नांदत आहेत.

प्रथम नांवाचा अर्थ पाहूं. पोर्तुगीज भाषेंत 'कुन्हा' म्हणजे पाचर. लांकूड फोडतांना सुतार मारतो ती. त्या भाषेंतील उच्चार 'कुन्य' असा कांहींसा आहे. रोमन अक्षरें जशीं दिसतात तशीं वाचून आपल्याकडे 'कुन्हा' असें रूप झालें. उत्तर पोर्तुगालांत ब्रागा शहराच्या परिसरांत या नांवाचा गांव आहे. आडनांवाच्या आधीं येणारें 'द' किंवा 'दा' हें अव्यय आपल्या 'कर' या प्रत्ययाचें सोयरेंच समजावें. चौलचा तो चौलकर, नागांवचा तो नागांवकर. त्याचप्रमाणें कुन्हा गांवचा तो 'दा कुन्हा', म्हणजे आपल्या बोलींत कुन्हाकर. डिसोझा म्हणजे सोझा नदीकांठचा, डिमेलो म्हणजे मेलो गांवचा. आल्मेडा हें स्पेनच्या सरहद्दीजवळील एका तटबंदीच्या गांवाचें नांव. परेरा म्हणजे नासपतीचें झाड, आणि रॉड्रिग्ज म्हणजे रॉड्रिगोचा पुत्र. ज्या नांवांत आपणांस परकीय वैभवाचा भास होतो, तीं मुळांत झाडाझुडपांचीं, नदीनाल्यांचीं व खेड्यापाड्यांचीं नांवें आहेत.

या नांवाचा जगप्रसिद्ध पुरुष त्रिस्तांव दा कुन्हा हा होय. हिंदुस्थानांतील पोर्तुगीज अंमलाचा पहिला व्हाइसरॉय म्हणून प्रथम त्याचीच निवड झाली होती. परंतु ऐन वेळीं त्यास तात्पुरतें अंधत्व आलें, आणि १५०५ सालीं ती जागा फ्रान्सिस्को आल्मेडा याच्याकडे गेली. दृष्टि परत आल्यावर १५०६ सालीं त्रिस्तांव आरमार घेऊन पूर्वेकडे निघाला. आफोंसो आल्बुकेर्क हा या सफरींत त्याच्याबरोबर होता. वाटेंत दक्षिण अटलांटिक महासागरांत त्यास एक द्वीपपुंज दिसला. समुद्र खवळलेला असल्यामुळें किनाऱ्यास लागतां आलें नाहीं. पण मुख्य बेटास त्यानें आपलें नांव दिलें. पुढें १५१४ सालीं पोर्तुगालचा राजा मानुएल यानें पोपमहाराज दहावे लिओ यांजकडे जें वकिलातीचें मंडळ धाडिलें, त्याचा प्रमुख हाच त्रिस्तांव होता. त्या नजराण्यांत हिंदुस्थानांतून नेलेला एक हत्ती होता. त्याचें नांव 'हान्नो'. रोमनगरीच्या रस्त्यांतून तो मिरवीत गेला व पोपमहाराजांसमोर त्यानें गुडघे टेकले, असें वर्णन आहे.

ज्या बेटावर त्रिस्तांवचें पाऊल पडलें नाहीं, त्या बेटावर त्याचें नांव मात्र आजतागायत आहे. 'त्रिस्तन दा कुन्हा' हें जगांतील मनुष्यवस्तीचें अत्यंत एकाकी ठिकाण मानलें जातें. अत्यंत जवळची वस्ती म्हणजे सेंट हेलिना, आणि तेंही सुमारें २,४०० किलोमीटर दूर. बेट म्हणजे ज्वालामुखीचा एक पर्वतच. त्याची उंची २,००० मीटरांहून अधिक आहे. नेपोलियन सेंट हेलिना येथें कैदेंत असतां १८१६ सालीं इंग्रजांनीं या बेटावर लष्करी ठाणें बसविलें. दुसऱ्या वर्षीं ठाणें उठलें, तेव्हां विल्यम ग्लास नांवाचा एक स्कॉटिश शिपाई आपल्या बायकामुलांसह तेथेंच राहिला. त्याच्या बिऱ्हाडापासून आजची वस्ती वाढली. १८९२ सालीं एक इटालियन जहाज तेथें फुटलें आणि त्यांतील दोन खलाशी बेटावरच स्थायिक झाले. त्यांचीं आडनांवें रेपेटो व लाव्हारेलो. बेटाची लोकसंख्या २५० च्या आंत आहे. ग्लास, ग्रीन, हेगन, लाव्हारेलो, रेपेटो, रॉजर्स, स्वेन अशीं मोजकींच कुळें तेथें पिढ्यान्‌पिढ्या नांदत आलीं आहेत.

वाचकहो, या यादींत कुन्हा नाहीं ! बेटाचें नांव कुन्हा, पण बेटावर कुन्हांचें एकही जुनें कुळ नाहीं. विसाव्या शतकाच्या आरंभीं तेथें आलेल्या दोन आयरिश बहिणींनीं, धर्मगुरूचें दर्शन वर्षानुवर्षें दुर्लभ असतां, घरगुती प्रार्थनेच्या आधारें कॅथलिक श्रद्धेचा दिवा तेवत ठेवला. आज तेथें संत योसेफाच्या नांवाचें लहानसें देऊळ आहे. १९८६ सालीं पवित्र धर्मपीठानें सेंट हेलिना, असेन्शन व त्रिस्तन दा कुन्हा या बेटांसाठीं स्वतंत्र मिशन स्थापिलें. याप्रमाणें दर्यावर्दी कुन्ह्याचें नांव चर्चच्या दप्तरांतही गेलें आहे.

आतां आपल्या किनाऱ्याकडे वळूं. त्रिस्तांवचा मुलगा नूनो दा कुन्हा हा १५२९ पासून १५३८ पर्यंत हिंदुस्थानांतील पोर्तुगीज मुलखाचा गव्हर्नर होता. १५३३ सालीं त्यानें वसईवर हल्ला करून तेथील ठाणें उध्वस्त केलें. दुसऱ्याच वर्षीं, २३ डिसेंबर १५३४ रोजीं, गुजराथचा सुलतान बहादूरशहा यानें तहानें वसई व तिच्याखालील मुलूख पोर्तुगीजांस दिला. बापाचें नांव निर्जन बेटास मिळालें; मुलाच्या हातीं आपली भरवस्तीची वसई आली. तेथपासून १७३९ च्या मे महिन्यापर्यंत, म्हणजे चिमाजीअप्पांनीं वसईचा किल्ला सर करीपर्यंत, येथें पोर्तुगीज अंमल होता.

या दोनशें वर्षांत आपल्या पूर्वजांचा बाप्तिस्मा झाला व त्यांबरोबर हीं आडनांवें आलीं. तीं कशीं आलीं हें नीट ध्यानांत घेतलें पाहिजे. बाप्तिस्मा घेणाऱ्यास धर्मपित्याचें, बाप्तिस्मा देणाऱ्या पाद्रीचें, अथवा त्या मुलखांतील एखाद्या मातब्बर पोर्तुगीजाचें आडनांव मिळत असे. त्यामुळें एकाच आडनांवाचीं माणसें अगदीं निरनिराळ्या समाजांत आढळतात. कुपारींत डिकुन्हा असूं शकतो, वाडवळांत असूं शकतो, कोळ्यांत असूं शकतो. त्यांच्यांत रक्ताचा संबंध असेलच असें नाहीं. उलट, एकाच रक्ताच्या दोन शाखांचा बाप्तिस्मा निरनिराळ्या वेळीं झाला असल्यास त्यांचीं आडनांवें भिन्न पडलीं असण्याचा संभव आहे. एका गांवांत एकाच नांवाचीं घरें फार झालीं कीं लोक आपापसांत घराला टोपणनांव ठेवतात. खरें कुळ ओळखण्यास पुष्कळदां हें टोपणनांवच अधिक उपयोगी पडतें.

आतां दुसरे दोन कुन्हा पाहूं. हे दोघेही आपल्या मातीचे. पहिले डॉक्टर जोसे जेर्सन दा कुन्हा. बारदेशांतील हडफडें येथें १८४४ सालीं त्यांचा जन्म झाला. मुंबईंत त्यांनीं वैद्यकीचा व्यवसाय केला, परंतु त्यांची खरी आवड इतिहासाची. १८७६ सालीं त्यांनीं चौल व वसई यांच्या इतिहासावर व पुराणवस्तूंवर इंग्रजींत ग्रंथ प्रसिद्ध केला. दुसऱ्या वर्षीं स्कंदपुराणांतील 'सह्याद्रिखंड' या संस्कृत भागाची आवृत्ति संपादून छापिली. मुंबईच्या उत्पत्तीवरील त्यांचा ग्रंथ १९०० सालीं निघाला; त्याच वर्षीं त्यांचें देहावसान झालें. नूनो दा कुन्हा यानें वसई घेतली. त्यानंतर सुमारें साडेतीनशें वर्षांनीं त्याच आडनांवाच्या एका गोमंतकीय ख्रिस्ती पंडितानें वसईच्या पडक्या देवळांचें व शिलालेखांचें वर्णन जगापुढें मांडलें. एका कुन्ह्यानें तलवारीनें जें घेतलें, तें दुसऱ्यानें लेखणीनें जतन केलें.

दुसरे त्रिस्तांव द ब्रागांसा कुन्हा. पहिलें नांव व आडनांव दोन्ही त्या जुन्या दर्यावर्दीचींच ! परंतु चरित्र किती निराळें ! १८९१ सालीं गोव्यांतील चांदर येथें त्यांचा जन्म झाला. १९२८ सालीं त्यांनीं गोवा काँग्रेस कमिटी स्थापिली. १९४४ सालीं त्यांनीं एक पुस्तिका लिहून, परकीय राजवटीनें गोमंतकीयांचें राष्ट्रीयत्व कसें हिरावून घेतलें, हें परखडपणें सांगितलें. १९४६ च्या चळवळींत त्यांस पकडण्यांत आलें, लष्करी न्यायालयापुढें उभें करण्यांत आलें आणि आठ वर्षांची शिक्षा होऊन पोर्तुगालांतील पेनिशे येथील किल्ल्यांत कोंडण्यांत आलें. १९५३ सालीं पोर्तुगालांतून निसटून ते परत आले. १९५८ सालीं मुंबईंत त्यांचें निधन झालें. १९ डिसेंबर १९६१ रोजीं गोवा मुक्त झाला, तो दिवस त्यांस दिसला नाहीं. पणजीच्या आझाद मैदानांत पूर्वीं आल्बुकेर्कचा पुतळा होता. आज त्याच मैदानांत या त्रिस्तांव कुन्हांचें स्मारक आहे. १५०६ सालीं एका त्रिस्तांव कुन्ह्याबरोबर निघालेल्या आल्बुकेर्काची जागा अखेर दुसऱ्या त्रिस्तांव कुन्हांकडे आली.

ब्राझील देशांतही हें नांव पोंचलें आहे. तेथें साव पावलो प्रांतांत कुन्हा नांवाचें गांव आहे. बाहिया प्रांतांतील एक गांव एउक्लिदिश दा कुन्हा या ग्रंथकाराच्या नांवानें ओळखला जातो. कानुदोश येथील बंडांत चिरडल्या गेलेल्या दरिद्री प्रजेची कहाणी त्यानें १९०२ सालच्या आपल्या ग्रंथांत लिहिली. प्रजेवर चालून जाणाऱ्या सरकारी फौजेचा दोष झांकण्यास त्याची लेखणी तयार झाली नाहीं, म्हणून तो मोठा.

एवढा माग काढल्यावर आरंभींच्या दोन प्रश्नांचें उत्तर देणें कठीण नाहीं. "तुम्ही मूळचे पोर्तुगीज काय?" असें विचारणाऱ्यास सांगावें कीं, अटलांटिकांतलें तें बेट कुन्हा म्हणविलें जातें म्हणून पोर्तुगालांतील कुन्हांचें वंशज ठरत नाहीं, तसेंच वसईचा शेतकरीही ठरत नाहीं. आमची भाषा, आमची शेतीवाडी, आमचीं लग्नगीतें हीं या मातीचींच आहेत. आणि जिंकणाऱ्यांचें नांव कां मिरवावें असें विचारणाऱ्या तरुणास सांगावें कीं, ज्या नांवानें नूनोनें वसई घेतली, त्याच नांवानें दुसऱ्यानें पेनिशेचा तुरुंग भोगला. नांव दोघांचें एक; मोल ज्याचें त्याच्या कर्मानें ठरलें. कोणास आपल्या कुळाचें जुनें नांव पुनः धारण करावेंसें वाटलें, तर त्यांत कांहीं गैर नाहीं. जो जुनें नांव सोडीत नाहीं, त्यानेंही मान खालीं घालण्याचें कारण नाहीं.

यांतून एक व्यवहाराची गोष्टही निघते. विवाहाच्या वेळीं "आडनांव एक, तेव्हां भाऊबंद" असें म्हणून कित्येक चांगलीं स्थळें नाकारलीं जातात. आणि आडनांव भिन्न म्हणून जवळचें नातें नजरेआड होतें. चर्चचा कायदा रक्ताच्या नात्याची पायरी पाहतो, आडनांव पाहत नाहीं. ती पायरी कळावी म्हणूनच नोंदवह्या आहेत. विवाहाची वही प्रत्येक धर्मगुरूनें ठेवावी व बाप्तिस्म्याच्या वहींत धर्मपित्यांचीं नांवें लिहावीं, असा दंडक ट्रेंटच्या धर्मसभेनें १५६३ सालीं घालून दिला. म्हणून या महोत्सवाच्या वर्षीं प्रत्येक कुटुंबानें एवढें करावें: घरांतील वडीलधाऱ्या माणसांजवळ बसून, आजापणज्यांचीं नांवें, आज्यांचीं माहेरें, घराचें टोपणनांव, जुन्या आळीची जागा हें सर्व एका वहींत लिहून ठेवावें. वृद्ध माणसें गेलीं कीं ही माहिती कोणत्याही दप्तरांत सांपडत नाहीं.

शेवटीं एक गोष्ट ध्यानांत असावी. बाप्तिस्म्याच्या वेळीं धर्मगुरु आईबापांस बालकाचें नांव विचारतो, आणि मस्तकावर पाणी ओततांना तेंच नांव उच्चारतो. आडनांव तेव्हां उच्चारलें जात नाहीं. तें मागाहून वहींत लिहिलें जातें. परमेश्वरापुढें आपण ज्या नांवानें उभे राहतों, तें कोणा दर्यावर्द्याचें नाहीं व कोणा गव्हर्नराचेंही नाहीं. वहींतील आडनांव आपल्या हातीं स्वच्छ आलें आहे. तें पुढच्या पिढीच्या हातीं अधिक स्वच्छ द्यावें, एवढीच या महोत्सवीं सर्वांस प्रेमाची विनंति.