अर्धा वाटा, पण कशाचा?

करवीर संस्थानच्या 26 जुलै 1902 च्या हुकुमाची आठवण आपण दरवर्षी काढतो. रिकाम्या होणाऱ्या जागांपैकी पन्नास टक्के मागासलेल्या वर्गांतून भराव्यात, हे त्यातलं कलम शाळकरी मुलांनाही ठाऊक असतं. त्याला लागून येणारा मजकूर मात्र भाषणांत सहसा ऐकू येत नाही. ज्या कचेरीत या वर्गांचे अंमलदार निम्म्याहून कमी असतील, तिथली पुढची नेमणूक याच वर्गांतल्या माणसाची व्हावी, असा त्याचा आशय आहे. आधीचं कलम रिकाम्या जागा मोजतं, नंतरचं अख्खी कचेरी.

मी कायद्याची पदवी घेतलेली नाही. निवाडे वाचत गेलो आणि शिकत गेलो. वाचता वाचता ध्यानात आलं, की स्वतंत्र भारतातल्या राखीव जागांच्या काही मोठ्या खटल्यांचं मूळ या दोन मोजमापांमधल्या फरकात आहे.

त्यातला एक देवदासन यांचा, निकाल 1963 चा. केंद्रीय सचिवालयात साडेसतरा टक्के जागा अनुसूचित जाती-जमातींसाठी राखीव होत्या. उमेदवार न मिळाल्यास त्या पुढच्या दोन वर्षांपर्यंत ओढता येत. अशा साचलेल्या जागांमुळे एका परीक्षेतून झालेल्या 45 नेमणुकांपैकी 29 राखीव ठरल्या, म्हणजे 64 टक्के. आदल्याच वर्षी, म्हैसूर राज्यातल्या महाविद्यालयीन प्रवेशांच्या बालाजी खटल्यात, साताऱ्यात जन्मलेल्या न्यायमूर्ती गजेंद्रगडकरांनी राखीव प्रमाण साधारणपणे पन्नास टक्क्यांच्या आत असावं असं म्हटलं होतं. तोच धागा धरून न्यायमूर्ती मुधोळकरांनी बहुमताच्या वतीने जागा पुढे ओढण्याचा नियम रद्द केला. सुब्बा राव एकटे विरोधात राहिले.

खुल्या प्रवर्गातल्या उमेदवाराचं गाऱ्हाणं खोटं नव्हतं. त्याच्या वाट्याला ती एक परीक्षा आली होती आणि तिच्यात त्याच्यासाठी थोड्याच जागा होत्या. पण त्या 29 जागा एका वर्षाच्या नव्हत्याच. मागच्या वर्षांत न भरलेल्या जागा त्यांत होत्या. वर्ष हे माप धरलं की 64 टक्के दिसतात. सबंध कार्यालय हे माप धरलं असतं, तर त्यात या वर्गांची माणसं किती, हा प्रश्न आधी विचारावा लागला असता.

तो प्रश्न निर्णायक ठरला 10 फेब्रुवारी 1995 ला, पंजाबातल्या अभियंत्यांच्या सभरवाल खटल्यात. तिथे शंभर पदांच्या बिंदुनामावलीत पहिला, सातवा, पंधरावा, बाविसावा असे बिंदू अनुसूचित जातींसाठी राखीव होते. नामावली रिकाम्या जागांबरोबर फिरतच राहिली, तर ठरलेलं प्रमाण ओलांडलं जाईल, अशी खुल्या प्रवर्गातल्या अभियंत्यांची तक्रार होती. न्यायालयाने सांगितलं, की टक्केवारी संवर्गातल्या पदांची मोजायची. सारे बिंदू एकदा भरले की नामावली थांबते. त्यानंतर जो निवृत्त होईल, त्याच्या जागी त्याच प्रवर्गातला माणूस येतो. अख्खी कचेरी मोजण्याची रीत अशी 93 वर्षांनी कायद्यात परत आली. जुलै 1997 मध्ये केंद्राने पदनिहाय नामावली लागू केली. 2000 सालच्या 81 व्या घटनादुरुस्तीने अनुशेषाच्या जागा त्या वर्षाच्या पन्नास टक्क्यांत धरू नयेत अशी सोय केली, आणि देवदासन निकालातला हिशेब मागे पडला.

पन्नासाचा आकडा मात्र उरला. इंद्रा साहनी निकालाने 16 नोव्हेंबर 1992 ला तो, अपवादात्मक परिस्थिती वगळता, कमाल मर्यादा म्हणून पक्का केला. 5 मे 2021 ला मराठा आरक्षणाचा कायदा रद्द होताना त्याच मर्यादेचा आधार घेतला गेला. कोल्हापुरात निम्म्यापर्यंत पोहोचण्यासाठी वापरलेला आकडा दिल्लीत निम्म्याच्या पुढे न जाण्यासाठी वापरला गेला. या दोन हेतूंची गल्लत आपल्या वादांत नेहमी होते.

त्या जुन्या हुकुमात आणखी एक सूचना आहे: झालेल्या नेमणुकांचं पत्रक खातेप्रमुखांनी दर तिमाहीला सादर करावं. टक्केवारी जाहीर केल्यावर ती पाळली जाते का, हे तपासावं लागेल, याची जाणीव शाहू महाराजांना होती. आज बिंदुनामावलीची नोंदवही हेच काम करते. ती अद्ययावत नसेल, तर राखीव किंवा खुल्या, कुठल्याच उमेदवाराला आपली जागा खरोखर कुठे गेली हे कळत नाही, आणि मग त्याला कोर्टाची पायरी चढावी लागते.