यवनांची उधारी

चाळिशी उलटलेल्या कारकुनाला प्रमोशनच्या मुलाखतीचं बोलावणं येणं म्हणजे चाळिशी उलटलेल्या ब्रह्मचाऱ्याला स्थळ सांगून येणं. जमण्याची आशा नसते, पण शर्टाला इस्त्री करून जावं लागतं. मीही गेलो. टेबलापलीकडे तीन साहेब होते. पहिल्यांनी नाव विचारलं, ते मला आलं. दुसऱ्यांनी विचारलं, जालना जिल्ह्यात काय काय पिकतं? मी मोसंबी, कापूस, सोयाबीन आणि लोखंडी सळया असं सांगून मोकळा झालो. सळया पिकत नाहीत हे नंतर लक्षात आलं, पण साहेबांनी मान डोलावली. तिसरे साहेब तोवर चष्मा पुसत होते. मुलाखतीत चष्मा पुसणारा साहेब फार घातक. त्यांनी तो चढवला आणि इंग्रजीत विचारलं, "इडिओसिन्क्रॅटिक रिस्क म्हणजे तुमच्या मते काय?"

मी बी. कॉम., सेकंड क्लास. जमा डावीकडे की उजवीकडे हे झोपेतून उठवून विचारलं तरी सांगेन. पण या शब्दाचा फक्त पहिला तुकडा ओळखीचा वाटला. त्याचाच आधार घेऊन मी सांगितलं, "सर, कर्जदार इडियट निघाला तर बँकेला जो धोका संभवतो, तो."

तिघेही हसले. ते ठीक आहे. हसायला त्यांना पगार आहे. पण चहा घेऊन आलेला शिपाईही हसला. त्याला त्या शब्दाचा अर्थ माहीत होता की काय, ही रुखरुख मला अजून आहे. नामोशी हा शब्द मी आजवर नुसता वाचला होता. त्या दिवशी जालन्याला परतताना एस. टी.त तो माझ्या शेजारच्या सीटवर बसून आला.

घरी सौ.ने विचारलं, "अहो, काय झालं?" मी म्हणालो, "झालं." एवढ्यावर तिला सगळं कळलं. कन्येला मात्र कळेना. ती सध्या बँकेच्या अधिकारीपदाच्या परीक्षेचा अभ्यास करते. म्हणजे नोकरी माझीच, फक्त खुर्ची माझ्या वरची. तिच्याकडे अवघड इंग्रजी शब्दांचं एक जाडजूड पुस्तक आहे. ते उघडून ती म्हणाली, "बाबा, तुम्ही अगदीच चुकला नाहीत. दोन्ही शब्द एकाच घरचे आहेत. ग्रीकमध्ये इडिओस म्हणजे स्वतःचं, खासगी."

जुन्या ग्रीसमध्ये जो माणूस गावच्या कारभारात भाग न घेता आपलं आपण पाहायचा, तो इडिओटेस. या हिशेबाने आमच्या कॉलनीच्या सभेला न येणारे सगळेच त्यात बसतात. पुढे अडाणी आणि अखेर मूर्ख, अशी त्या शब्दाची पदावनती झाली. आणि इडिओसिन्क्रॅटिक रिस्क म्हणजे सगळ्यांवर येणारं संकट नव्हे, एकाच कर्जदाराचा त्याच्यापुरता धोका. पाऊस पडला नाही तर साऱ्या तालुक्याचे हप्ते थकतात, ते वेगळं. पण पाऊस पडला, मोसंबी लागली, पैसे हातात आले आणि एकाने ते मेहुण्याच्या निवडणुकीत घातले, तर तो धोका इडिओसिन्क्रॅटिक. आता तुम्हीच सांगा, मी याहून निराळं काय सांगितलं होतं?

त्या रात्री मी ते पुस्तक उशाशी घेतलं. साहेबांच्या तोंडचे भारी इंग्रजी शब्द बरेचसे ग्रीकांकडून उचललेले निघाले, आणि त्यातला एक तर मी दिवसातून दहा वेळा लिहितो. हायपोथिकेशन! हायपो म्हणजे खाली, आणि थेके आलं ते ठेवणं या अर्थाच्या क्रियापदावरून. मराठीत आपण त्याला नजरगहाण म्हणतो. ट्रॅक्टर शेतकऱ्याच्या दारात आणि नजर बँकेची. हे भाषांतर ज्याने केलं त्याला खरं तर प्रमोशन द्यायला हवं. याच ठेवण्यातून शास्त्रज्ञांची हायपोथिसिस निघाली, आणि कोठार या अर्थाच्या अपोथेकेवरून विलायतेतला औषधवाला अपोथेकरी निघाला. फ्रान्समार्गे आलेलं बायकांचं बुटीकही त्यातलंच. ठेवणं एकच, कुणी गहाण ठेवलं, कुणी गृहीत धरून ठेवलं, कुणी दुकानात मांडून ठेवलं.

अथेन्सच्या आसपास इसवीसनापूर्वी चौथ्या शतकात गहाण जमिनीत दगड रोवून त्यावर कर्ज कोरत असत. आपल्याकडे हा दगड सातबाऱ्याच्या उताऱ्यावर असतो. त्याला बोजा म्हणतात. आमच्या काउंटरवर शेतकरी येतो तो पहिला प्रश्न हाच विचारतो, "सायब, बोजा उतरला का नाई अजून?" त्याला मी आता सांगू शकतो की बाबा रे, हा प्रश्न फार जुना आहे. इसवीसनापूर्वी ५९४ मध्ये अथेन्समध्ये सोलोन नावाचा कारभारी निवडला गेला. त्याने कर्जं रद्द केली, कर्जापायी गुलाम झालेल्यांना सोडवलं आणि माणसाचा देह तारण ठेवून कर्ज देण्याला बंदी घातली. या कर्जमाफीला ग्रीक नाव आहे सायसाक्थिया. इंग्रजीच्या मोठ्या कोशांत तो शब्द अजून सापडतो, आणि त्याचा शब्दशः अर्थ आहे बोजा झटकून टाकणं! महसूल खात्याने अडीच हजार वर्षांपूर्वीची फाइल उघडून शब्द घेतला असता तरी तो इतका चपखल बसला नसता.

२००८, २०१७ आणि २०१९ अशा तिन्ही कर्जमाफ्यांच्या याद्या मी या हातांनी केल्या आहेत, म्हणून पुढची हकीकत वाचून मला विशेष गहिवर आला. प्लुटार्क लिहितो की, सोलोनने बेत आधी मित्रांच्या कानावर घातला. मित्रांनी तातडीने भरपूर कर्जं काढून जमिनी घेतल्या. मग माफी जाहीर झाली, जमिनी त्यांच्याकडे राहिल्या, आणि गावभर झाली सोलोनची बदनामी. ती धुऊन निघाली कारण त्याने स्वतः लोकांना दिलेलं कर्ज त्याच्याच कायद्यात बुडालं होतं. असा कारभारी मी अजून पाहिलेला नाही. मित्र मात्र पुष्कळ पाहिले आहेत.

मग मला नादच लागला. साहेबांचे शब्द सोडून मी आपल्याच भाषेची झडती घेऊ लागलो, आणि काय सांगू, चोरीचा माल घरातच निघाला! ज्या दफ्तरात मी उभा जन्म काढला ते दफ्तर ग्रीक. दिफ्थेरा म्हणजे कमावलेलं कातडं. पूर्वी कातड्यावर लिहीत, म्हणून ते इराणात लेखनाचं दफ्तर झालं, सुलतानांच्या कारभाराबरोबर दख्खनेत आलं आणि शेवटी पोरांच्या पाठीवर दप्तर होऊन बसलं. तेच कातडं दुसरीकडून युरोपात गेलं. घटसर्पात घशात कातड्यासारखा पापुद्रा धरतो, म्हणून १८२६ मध्ये एका फ्रेंच डॉक्टरने त्या शब्दावरून रोगाला नाव दिलं, आणि त्याचाच पुढे डिप्थेरिया झाला. म्हणजे पोराला आधी लस टोचून आपण ज्याच्यापासून वाचवतो, त्याच्याच सख्ख्या भावाला पुढे शाळेत जाताना त्याच्या पाठीवर बांधतो.

कलमाचीही तीच गत. ग्रीक कालामोस म्हणजे बोरू. अरबांनी त्याला कलम केलं. आपण त्याने लिहिलं, मग कायद्याला कलमं पाडली, मग मोसंबीचं कलम बांधलं. चेक न वटल्यावर मी कलम १३८ ची नोटीस लिहितो आणि पक्षकार मोसंबीच्या कलमांचा हिशेब दाखवतो, तेव्हा एकाच बोरूची दोन टोकं काउंटरच्या दोन बाजूंना असतात.

हे शब्द अरब-इराणी दलालांमार्फत आले. पण काही थेट आले, आणि ते आपल्या परसदारातून. पहिल्या शतकातल्या एका ग्रीक व्यापाऱ्याने तांबड्या समुद्रापासून हिंदुस्थानापर्यंतच्या बंदरांची माहिती लिहून ठेवली आहे. नाव सांगायला तो विसरला, पण भाव सांगायला विसरला नाही, खरा व्यापारी! तो म्हणतो, भडोचहून दक्षिणेला वीस दिवसांच्या वाटेवर पैठण आहे, तिथून पूर्वेला दहा दिवसांवर तगर, म्हणजे आपलं तेर. पैठणहून गोमेदासारखे दगड आणि तेरहून कापड वाट नसलेल्या मुलखातून गाड्यांवर लादून भडोचला येतं. रस्त्यांबद्दलची ती तक्रार आजही आमच्याकडे तशीच्या तशी वापरता येईल. भडोचला मिनँडर आणि अपोलोडोटस या ग्रीक राजांच्या जुन्या ड्राख्मा अजून चालतात, हेही त्याने टिपलं आहे.

हा ड्राख्मा म्हणजे मूळचा मूठभर माल. त्याचा संस्कृतात द्रम्म झाला. भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’त सोळा पणांचा एक द्रम्म होतो. पुढे त्याचा झाला दाम, आणि त्यातूनच दमडी आणि छदाम. ग्रीसने २००२ मध्ये युरो घेऊन ड्राख्मा व्यवहारातून काढून टाकली. आमच्या मोंढ्यात मात्र शेतकरी अजून घामाचं दाम मागतो आणि अडत्या एक दमडी सोडत नाही. नाणं त्यांनी बुडवलं, खातं आम्ही चालू ठेवलं.

जालना जिल्हा झाला १ मे १९८१ ला, म्हणून आमच्याकडे पाहुणे "नवीन जिल्हा" म्हणून जरा सांभाळूनच बोलतात. त्यांना मी भोकरदनला नेतो. केळणा नदीकाठचं हे गाव म्हणजे सातवाहनांच्या काळातलं भोगवर्धन. तिथे १९७३ मध्ये उत्खनन झालं, तेव्हा हस्तिदंतात कोरलेल्या एका स्त्रीमूर्तीचा खालचा भाग सापडला. तिच्याशी मिळतीजुळती मूर्ती १९३८ मध्ये कुठे निघाली होती, तर इटलीत, इसवी सन ७९ मध्ये ज्वालामुखीच्या राखेखाली गाडल्या गेलेल्या पाँपेई शहरात. भोकरदनची वस्तू व्हेसुव्हियसच्या पायथ्याशी गेली असावी असं मानणारे अभ्यासक आहेत. माल तिकडे गेला तर परतीच्या गाडीत शब्द आले, यात नवल कसलं? काही यवन तर इथेच रमले. जुन्नरच्या लेण्यात इरिल नावाच्या यवनाने पाण्याच्या दोन पोढी दान दिल्याचा लेख आहे. अथेन्सचा असो नसो, महाराष्ट्रात पाण्याचं मोल त्याला कळलं होतं.

या संशोधनाचा मी घरात एकदाच उपयोग करायला गेलो, तो अंगाशी आला. ताई भाचीची पत्रिका घेऊन आली होती. गुरुजी बोटं मोडत म्हणाले, "मुलाचं जामित्र शुद्ध आहे." जामित्र म्हणजे सप्तमस्थान, लग्नाचं घर. मी म्हणालो, "गुरुजी, हा ग्रीक डायामेत्रोस. डायामीटर, म्हणजे वर्तुळाचा व्यास. पहिल्या घराच्या बरोबर समोरचं घर." गुरुजी शांतपणे म्हणाले, "कालिदासाने पार्वतीच्या लग्नाला हाच शब्द वापरलाय. तिला चालला, तुमच्या भाचीला चालेल." सौ. आतून म्हणाली, "नवरा-बायको व्यासाच्या दोन टोकांना असतात हे सांगायला ग्रीक कशाला हवेत?"

इथे मी थांबायला हवं होतं. पण मी पुढे गेलो. होरा म्हणजे ग्रीकांचा तास, ज्याचा इंग्रजीत अवर झाला. केंद्र म्हणजे केंत्रोन, बैलाला टोचायच्या पराणीचं टोक. केंद्र सरकारचा अर्थ मला त्या दिवशी नीट कळला. गुरुजींना हे मान्य होतं. यवन ज्योतिषांना ऋषींसारखा मान द्यावा, असं खुद्द वराहमिहिराने सहाव्या शतकात म्हटल्याचं त्यांनीच मला सांगितलं. एवढ्यात ताईने विचारलं, "मुलाची रास कुंभ ना?" आणि माझ्या तोंडून निघून गेलं, "हो, ग्रीकात हृद्रोग."

ताईचा चेहरा पांढरा पडला. "कुणाला हृद्रोग? मुलाला?" वराहमिहिराने ‘बृहज्जातका’त राशींची ग्रीक नावंही दिली आहेत, कुंभेचं नाव हुद्रोखूस, म्हणजे पाणी ओतणारा, हायड्रोजनमधला हायड्रो तोच, संस्कृतात त्याचा उच्चार हृद्रोग झाला, एवढंच, हे सगळं मी तिला तीन तीनदा सांगितलं. तिने ऐकून घेतलं आणि मुलाचा ई. सी. जी. मागवला. तो उत्तम निघाला. लग्न दिवाळीनंतर आहे. मला बोलण्याची परवानगी नाही.

मुलाखतीच्या दिवशी शेजारी बसून आलेला तो शब्दही मी कोशात शोधला. ग्रीक नोमोस म्हणजे कायदा, रिवाज. अरबांनी त्याचं नामूस केलं. इराण आणि हिंदुस्थानात नामूस म्हणजे इभ्रत. आणि आमच्याकडे येईतो त्याची झाली नामोशी, म्हणजे इभ्रत गेल्यावर उरतं ते. निघाला कायदा म्हणून आणि पोचला बेअब्रू होऊन. आमच्या बँकेच्या फायलीसुद्धा इतक्या टेबलांवरून फिरत नाहीत.

यंदा पुन्हा बोलावणं आलं आहे. शर्ट इस्त्रीला टाकला आहे. कन्या पूर्वपरीक्षा पास झाली आणि अभ्यासाने तिला चष्मा लागला. काल रात्री ती समोर बसली, चष्मा काढला, ओढणीने सावकाश पुसू लागली. माझ्या पोटात गोळा आला. तिने तो चढवला आणि विचारलं, "सांगा बाबा, इडिओसिन्क्रॅटिक रिस्क म्हणजे काय?"

मी बरोबर सांगितलं. तरी ती हसली.