नाव सांगणारी तबकडी

इ. स. १९०२ च्या नोव्हेंबरात कलकत्त्यास गौहरजान यांचे गाणे ग्रामोफोन कंपनीचे फ्रेड गायसबर्ग यांनी मुद्रित केले. जेमतेम तीन मिनिटांचे ते गाणे. आणि ते संपता संपता बाईंनी इंग्रजीतून स्वतःचे नाव सांगितले. आज ऐकताना त्याचे हसू येते, पण त्यामागे रोकडा व्यवहार होता. मेणावरील मूळ मुद्रण जर्मनीत हॅनोव्हरला जाई व तबकड्या तेथे निघत. तेथील कारागिरांना ना भाषा कळे, ना गाणारा ओळखू येई. तबकडीवर चिकटवायच्या कागदासाठी नाव आवाजातूनच मिळावे, अशी ती तजवीज होती. १९०८ साली सियालदह येथे कारखाना निघाला आणि ही गरज हळूहळू सरली.

पुढे नाव त्या कागदावर राहिले, रेडिओवर निवेदकाच्या तोंडी राहिले.

१९८२ साली कॉम्पॅक्ट डिस्क विक्रीस आली. सेकंदाला ४४,१०० नमुने, अशा मापाने आवाज अंकांत उतरला. नव्वदीच्या दशकात एमपीथ्रीने कानाला न जाणवणारा भाग गाळून हे अंक सुमारे एक अकरांश केले. १९९९ त नॅपस्टर निघाले आणि गाणे तारेवरून घरोघर फुकट फिरू लागले. तबकडी गेली, तिच्याबरोबर कागदही गेला. एमपीथ्रीच्या मूळ आराखड्यात नावासाठी सोयच नव्हती! १९९६ त एरिक केंप यांनी फाइलीच्या अखेरीस १२८ बाइटांची चिठ्ठी जोडण्याची युक्ती काढली. नाव पुन्हा गाण्याच्या शेवटी आले, हा योगायोग मौजेचाच. मात्र चिठ्ठीत शीर्षकाला ३० अक्षरे, गायकाला ३०, संग्रहाला ३०. कवीला व संगीतकाराला रकाना नाही.

मराठी भावगीताला ही चिठ्ठी फारच तोकडी पडते. पुणे आकाशवाणीवरून १९५५ साली सुरू झालेल्या गीतरामायणात छप्पन्न गीते, गाणारे अनेक. परंतु शब्द सर्व ग. दि. माडगूळकरांचे आणि चाली सुधीर फडके यांच्या. अशा गीताच्या फाइलीवर गायक उरतो आणि माडगूळकर गळतात.

१९९८ त सुधारलेली चिठ्ठी आली. तीत कवी व संगीतकार यांना रकाने मिळाले, देवनागरीही मावू लागली. पण ते भरणे न भरणे प्रत काढणाऱ्याच्या मर्जीवर राहिले. २०१२ च्या दुरुस्तीने भारतीय कायद्यात चित्रपटगीतांच्या कवी-संगीतकारांचा मानधनातील वाटा असा राखला गेला, की तो निर्मात्याला लिहून देता येत नाही. हा वाटा घरपोच करायचा, तर वाटणाऱ्याला आधी नाव हवे.